कोणत्याही चावीची गाडी

जगातल्या एकाही कुलपाचा ज्यांनी कधी मान ठेवला नाही असे एकच गृहस्थ मी पाहिले, आणि माझ्या नशिबाने ते माझे साडभाऊ निघाले. साडभाऊ म्हणजे माझ्या बायकोच्या थोरल्या बहिणीचे, म्हणजे ताईंचे, यजमान. मी गोंदियाच्या बाजारात कापडाचं दुकान चालवतो. शटर पाडलं की कुलूप ओढून पाहतो, चार पावलं जातो, परत येऊन पुन्हा ओढतो. अशा माणसाला असा साडभाऊ देणारा देव नक्कीच विनोदी असला पाहिजे. ते राहतात नवेगाव बांधच्या अलीकडच्या एका खेड्यात, तळ्याच्या पाण्यावर धान पिकवतात, आणि घराला कुलूप न लावता पंधरा-पंधरा दिवस पाहुणपणाला जातात. "कुलूप पाहून तं चोराले समजते का घरी कोनी नाई," हे त्यांचं म्हणणं.

त्यांची गाडी म्हणजे एक बिनगिअरची, आकाशी रंगाची लहानशी स्कूटर. खरं तर ती मुलीने कॉलेजसाठी घेतलेली. मुलगी लग्न होऊन बालाघाटकडे गेली आणि गाडी बापाकडे राहिली. साडभाऊ अंगापिंडाने दांडगे, त्यामुळे गाडीवर बसले की गुडघे दोन्ही बाजूंना बाहेर येत आणि लांबून पाहणाऱ्याला माणूस नुसताच हवेत बसून येतोय असं वाटे. गाडीच्या दोन चाव्यांपैकी एक मुलीच्या पर्समधून सासरी गेली. दुसरी पहिल्याच रोवणीत बांधीच्या, म्हणजे धानाच्या वाफ्याच्या, चिखलात पडली. मी फोन केला तेव्हा ते शांतपणे म्हणाले, "धानासंगं चावीबी रोवून आलो जी शेठ." दुसरा कोणी असता तर मिस्तरीकडे गेला असता. यांनी घरातल्या कपाटाची चावी घालून पाहिली, ती लागली नाही. मग पेटीची घातली, ती अर्धी फिरली. मग हळदीच्या डब्यातल्या चमच्याची दांडी घातली आणि जरा हिसका दिला, तशी गाडी सुरू झाली. त्या हिसक्याने आतलं जे काय असतं ते असं ढिलं झालं की त्या दिवसापासून गाडीने कुठल्याच चावीला नाही म्हटलं नाही. ताईंनी मात्र भाजीत हळद टाकायला चमचा सापडेना म्हणून घर डोक्यावर घेतलं होतं.

गावाला ही बातमी लागायला कितीसा वेळ लागतो? गाडी अंगणातल्या चिंचेखाली उभी असे. कोणाला फाट्यावरून बस पकडायची असो, कोणाला अर्जुनी मोरगावला खताची गोणी आणायला जायचं असो, तो येई, आपल्या घरची कसलीही चावी खुपसे आणि जाई. विचारण्याची पद्धत नव्हती, परत आणून ठेवण्याची होती. आणि आणून ठेवताना डिक्कीत काहीतरी टाकायची. कधी वांगी, कधी तळ्यातले मासे फडक्यात बांधून, आणि एकदा तर जिवंत कोंबडी, जी ताईंनी डिक्की उघडताच त्यांच्या तोंडावर उडाली. मी हे सगळं पाहून कासावीस होई. एकदा न राहवून म्हणालो, "भाऊ, एखाद्या दिवशी चोरीला जाईल गाडी."

"कोन चोरन जी?" ते म्हणाले. "सारेच तं नेऊन राहिले."

दिवाळीनंतर आमच्याकडे गावोगाव मंडई भरते. दिवसा बाजार आणि दंडारीचा नाच, रात्री नाटक, आणि घरोघरी पाहुणे. साडभाऊ एकही मंडई सोडत नसत. अशाच एका मंडईत, शेपन्नास गाड्यांच्या गर्दीत, त्यांनी आकाशी रंग पाहिला, पेटीची चावी घातली, फिरवली आणि घरी आले. सकाळी ताईंनी डिक्की उघडली तर आत लहान लेकराचं कानटोपडं आणि बांगड्यांचा डबा. गाडी दुसऱ्याचीच होती! तिचंही कुलूप घासून गेलेलं, म्हणून पेटीच्या चावीला तीही भुलली. साडभाऊ जराही घाबरले नाहीत. ती गाडी घेऊन मंडईच्या जागी गेले आणि पानटपरीशी बसून राहिले. दुपारी समोरून त्यांचीच गाडी आली, वर एक अनोळखी गृहस्थ. त्या बिचाऱ्याने आपली चावी आपल्याच गाडीला लावतोय समजून यांची गाडी घरी नेली होती, आणि बायकोने डिक्कीत माशांचं फडकं पाहिल्यावर त्याला चूक कळली होती. "मासे?" साडभाऊंनी पहिला प्रश्न विचारला. "खाल्ले जी," तो खाली मान घालून म्हणाला. "मंग बरं केलं, खराब झाले असते." त्या दिवसापासून दोन्ही घरांचं एकमेकांच्या मंडईला जाणं-येणं सुरू झालं, ते आजही आहे. माझ्या सगळ्या नीट लावलेल्या कुलपांनी मला असा एकही सोयरा मिळवून दिलेला नाही, हे मी कबूल करतो.

सत्तरी उलटल्यावर त्यांचा उजवा डोळा अधू झाला. सांज पडली की त्या बाजूचं काही दिसेना. डॉक्टरने गाडी बंद करा म्हणून सांगितलं, मुलीने फोनवर रडून सांगितलं, आणि ताईंनी पेटीची चावी लपवली. त्याने काय होणार? साडभाऊंनी कपाटाची घेतली. ताईंनी घरातल्या झाडून साऱ्या चाव्या धानाच्या कोठीत पुरल्या, तर हे गृहस्थ नेलकटरची कानस घालून कामठ्याच्या लग्नाला जाऊन आले. शेवटी ताईंनी मला फोन केला, "तुमीच काई करा जी. या मानसाले मी कशी थांबवू?"

मी दुकानाशेजारून जाड साखळी आणि भलंमोठं कुलूप विकत घेतलं आणि गेलो. साडभाऊ अंगणात बाजेवर बसले होते. माझ्या पिशवीचं वजन बघून त्यांना सगळं समजलं. मी चाकाला साखळी घालायची गोष्ट काढली तेव्हा त्यांनी ना वाद घातला, ना ते चिडले. एवढंच म्हणाले, "घाला जी. पन मंग मी घरातच पडलो समजा. पायानं कुठवर जाईन? आन कोन येईल?" मी चहा पिऊन पिशवी तशीच घेऊन परत आलो. बायकोने विचारलं तर तिला म्हणालो, साखळी लहान पडली.

त्यानंतर काही दिवसांनी एका सकाळी मी दुकान उघडतो तर साडभाऊ पायरीवर बसलेले, पहिल्या रेल्वेगाडीने आलेले. त्यांनी खिशातून एक नवी कोरी, चकचकीत चावी काढून गल्ल्यावर ठेवली.

"लॉकसेट बदलवला जी," ते म्हणाले. "दुसरी कोनतीच चावी लागत नाई आता. मिस्तरीपाशी उभा राहून चमचा, नेलकटर, सारं घालून पायलं. एक चावी तुमच्या ताईले देल्ली, गावात कोनाले गाडी लागली तं तिच्यापासून नेतील. ही तुमच्यापाशी ठेवा. मी मांगलो तरी देऊ नोका."

मी चकित होऊन कारण विचारलं. त्यांनी सांगितलं. बांधाच्या रस्त्यावर सांजेला सायकलवर शाळेतली एक पोर येत होती. उजव्या बाजूने. यांना दिसलीच नाही. तिनेच सायकल बांधीत घातली, म्हणून वाचली.

"मी गाडी टाकून धावलो. ते चिखलातून उठली आन मलेच इचारते, आजोबा, तुमाले लागलं तं नाई? मले!" त्यांनी गल्ल्यावरची चावी माझ्याकडे सरकवली. "घरी कोनाले नाई सांगितलं. डाक्टर सांगे, पोरगी सांगे, मी आयकलो नाई. पन हात आवरत नाई जी, काईबी सापडलं का घालून पाहतोच. म्हनून मंग कुलूपच बसवलं."

आयुष्यभर मी ज्याच्यासाठी यांच्या मागे लागलो होतो ते त्यांनी केलं होतं, आणि मला मुळीच आनंद झाला नाही. उलट फार वाईट वाटलं. मी चावी ड्रॉवरमध्ये ठेवली आणि त्यांच्यासाठी चहा सांगितला.

परतीच्या गाडीची वेळ झाली तशी मी माझी स्कूटर काढली. ते सवयीने पुढच्या बाजूला येऊन उभे राहिले, मग ध्यानात येऊन मागे गेले. एवढ्या वर्षांत साऱ्या गावाला मागे बसवून नेलेल्या या माणसाला मागे कसं बसतात ते ठाऊक नव्हतं. पाय कुठे ठेवायचे कळेना, हातांनी कुठे धरायचं कळेना.

"जमेल ना, भाऊ?" मी विचारलं.

"शिका लागन जी आता," ते म्हणाले, आणि त्यांनी माझ्या खांद्यावर हात ठेवला.

स्टेशन जवळच होतं. पण मी बाजाराकडून वळवून, सगळ्या गल्ल्यांतून हळूहळू गाडी नेली, आणि त्यांनीही इकडून काऊन म्हणून विचारलं नाही.