नफिये आजीला काही दुखत नाही

अल्बेनियात, तिरानात, आमच्या नफिये आजीचं सगळं नेहमी उत्तम असतं. कम्युनिस्ट राजवटीत पाव शिळा आहे म्हणाले म्हणून तिचे भाऊ, म्हणजे माझे आजोबा, आठ वर्षं तुरुंगात होते. ती राजवट जाऊन तीस वर्षं झाली, तरी आजी कुरकुरत नाही. परवा ती छाती धरून बसलेली दिसली, म्हणून मी तिला दवाखान्यात नेलं.

"कुठं दुखतंय, आजी?" डॉक्टरीणबाईंनी विचारलं.

"कुठ्ठंच नाही! तुमचा दवाखाना किती छान!"

शेवटी मीच तिची नक्कल करत किनऱ्या आवाजात म्हणालो, "छातीत दुखतंय गं बाई, तीन दिवस झाले."

आजी पांढरीफटक पडली. छतावरच्या दिव्यात कुणी ऐकत बसलंय अशा नजरेनं तिकडं बघत म्हणाली, "पोरगा काही बोलला नाही, साहेब. त्याला नेऊ नका." आणि तपासून न घेताच मला ओढत बाहेर घेऊन आली.