पेंग्विनच्या पायात जोडवी नसतात

अक्षर वेडंवाकडं आहे, त्याला माझा इलाज नाही. ऱ्हस्व-दीर्घ मला चौथीतही जमलं नाही आणि चौथीनंतर शाळाच सुटली. ही वही कधी कोणाच्या हाती लागलीच, तर चुका पोटात घालाव्यात. वही माझ्या मुलीची आहे. पहिल्या नऊ पानांवर तिचा सहावीतला पेंग्विनचा प्रकल्प आहे. स्टेशनरीच्या दुकानातून आणलेली चित्रं कापून चिकटवली आहेत, खाली बाईंची लाल सही आहे. पुढची सगळी पानं कोरी होती. ती रद्दीत द्यायला जीव होईना.

तो प्रकल्प मी रोज एक पान असा वाचला. मला वाचायला वेळ लागतो. दुसऱ्या पानावर लिहिलंय की पेंग्विनला जाड चरबी आणि दाट पिसं असतात, म्हणून त्यांना थंडी वाजत नाही. मी मुलीला म्हटलं, "कोणी विचारलं त्यांना?"

"आई, पुस्तकात आहे तसं."

पण न वाजणं आणि न सांगणं यातला फरक मला माहीत आहे. मी अडीच वर्षं बर्फात काम केलंय.

शीळफाट्याच्या पुढे एक कोल्ड स्टोरेज आहे. तिथे गोठवलेल्या मासळीची पाकिटं खोक्यांत भरायचं काम आम्ही आठ बायका करायचो. दारावर लाल आकडे असायचे, उणे अठरा. काळं जाड जाकीट, वर पांढरा एप्रन, पायात गुडघ्यापर्यंत गमबूट. चालताना आम्ही डुलायचो. सुपरवायझर रोज सकाळी दार उघडून म्हणायचा, "चला पेंग्विन, आत."

आमच्यातल्या मावशी सगळ्यांत वयाने मोठ्या. इथल्याच गावच्या, त्यांच्या बापाची मिठागरं होती. भावांनी जमिनी विकून बंगले बांधले, मावशी मात्र मासळी भरत राहिल्या. त्या सुपरवायझरला उलट म्हणायच्या, "पेंग्विन तर पेंग्विन. त्यांना बघायला लोक तिकीट काढतात रे, तुला कोण बघतंय?"

या कामाला मी लागले कारण आमचे हे आजारी पडले. ते टेम्पो चालवायचे, वागळे इस्टेटमधून माल भरून. एका सकाळी दात घासता घासता त्यांचं डावं अंग गेलं. बोलणंही गेलं, एखादा शब्द तेवढा उरला. ठाकुर्लीच्या आमच्या एका खोलीत ते खाटेवर, सासूबाई खाटेशेजारी आणि मुलगी ओट्याखाली अभ्यास करत बसायची.

कोल्ड स्टोरेजच्या खोलीत जाताना अंगावर काही धातू ठेवायचा नाही, तो गारठून कातडीला चिकटतो, असा तिथला नियम होता. गेटवरची बाई हात, गळा, कान तपासायची. बाकीच्या सगळ्या मंगळसूत्र, बांगड्या, जोडवी काढून एका स्टीलच्या डब्यात ठेवायच्या आणि डबा मावशींच्या लॉकरमध्ये जायचा. माझ्या सासूबाईंनी पहिल्याच दिवशी सांगितलं होतं, "गळ्यातलं काढ, हातातलं काढ. पण माझा पोरगा उठून बसेपर्यंत जोडव्यांना हात लावायचा नाही."

मी त्यांना हो म्हटलं. गेटवरच्या बाईने "सगळं काढलं?" विचारलं, तिलाही हो म्हटलं. मला नाही म्हणताच येत नाही. दोन मोजे आणि वर गमबूट, पाय कोण बघणार होतं?

आत एका बाजूला मोठा पंखा होता, त्यातून गार वारा यायचा. त्याच्याजवळ उभी असेल तिचे डोळे वाहायचे आणि पाणी पापण्यांवरच गोठायचं. एक खोकं भरलं की आम्ही सगळ्या एक पाऊल उजवीकडे सरकायचो. पंख्याजवळची मध्यात यायची, मधली टोकाला जायची, टोकाची वळसा घालून पंख्याजवळ. हे कोणी ठरवलं नव्हतं. मी लागले तेव्हा ते चालूच होतं. एखादीची पाळी असली, ताप असला, तर न बोलता तिचं पंख्याजवळचं खोकं दुसरी घ्यायची.

प्रकल्पाच्या पाचव्या पानावर असंच आहे. बर्फाच्या वादळात पेंग्विन एकमेकांना चिकटून उभे राहतात, कडेचे हळूहळू आत येतात, आतले कडेला जातात. आणि सहाव्या पानावर पाय आहेत. पायात उतरणारं गरम रक्त वर चढणाऱ्या गार रक्ताच्या अगदी शेजारून जातं आणि त्याला ऊब देतं. म्हणून त्यांचे पाय गोठत नाहीत. हे मी तीनदा वाचलं. त्यांच्या पायात जोडवी नसतात.

तिसऱ्या हिवाळ्यात माझं डाव्या पायाचं जोडव्याचं बोट दुखायचं थांबलं. आधी ते ठणकायचं, मग मुंग्या यायच्या, मग काहीच नाही. मला वाटलं, बरं झालं, सवय झाली. त्या गार खोलीत दुखणं थांबलं की माणसाला सुटल्यासारखं वाटतं. तेव्हाच घाबरायला हवं होतं.

शिफ्ट दुपारी दोनला सुटायची. घरी आले की हे उजव्या हाताने स्वतःच्या पोटावर थाप मारायचे आणि म्हणायचे, "पाय." मी खाटेच्या कडेला बसून दोन्ही पाय त्यांच्या पोटावर ठेवायची, ते वर चादर ओढायचे. अर्धं अंग निकामी, पण पोट गरम असायचं. एक दिवस त्यांनी चाचपत ते बोट धरलं. बराच वेळ चोळलं. ते दगडासारखंच राहिलं.

"काढ," ते म्हणाले.

सासूबाई शेजारी तांदूळ निवडत होत्या. त्यांचा हात थांबला. "त्याला काय कळतंय? आजारी माणूस बोलतो काहीतरी."

"काढ," त्यांनी पुन्हा म्हटलं. त्या महिन्यात ते एवढंच सलग बोलले असतील.

मी सासूबाईंकडे बघितलं आणि पाय चादरीतून काढून घेतला. नंतर मोरीत जाऊन साबण लावून बघितलं. बोट सुजलं होतं, जोडवं हलेना. कोणाला सांगणार? कंपनीत सांगितलं तर नियम मोडल्याचं कळणार, घरी सांगितलं तर काढायला गेले म्हणून कळणार. मी मोजा चढवला.

त्यानंतर नऊ दिवसांनी मी पंख्याजवळ पडले. पाऊल उजवीकडे टाकायचं होतं, ते कुठे पडलं तेच मला कळलं नाही. मावशींनी बाहेर ओढत नेलं, गमबूट उपसला, मोजा कापला. बोट काळं पडलं होतं.

"अगो बाय," मावशी म्हणाल्या, "लपवलंस कशाला गो? आम्ही काय परक्या होतो?"

सुपरवायझर वाकून बघत होता. तो हसला नाही. "धातू आत नेला," एवढंच म्हणाला. माझं काम तिथेच संपलं.

कल्याणच्या दवाखान्यात आधी जोडवं कापलं, मग बोट. जोडव्याचे दोन तुकडे त्यांनी पाकिटात घालून दिले. पैसे नव्हते. आमची आठजणींची भिशी होती, पण माझा नंबर यांच्या आजारपणातच येऊन गेला होता. त्या महिन्याचा नंबर मावशींचा. घराचे पत्रे बदलायचे म्हणून त्या भिशी सुरू झाल्यापासून त्याची वाट बघत होत्या. सगळे पैसे त्यांनी दवाखान्यात भरले. त्या पावसाळ्यात त्यांच्या घरात बादल्या लावलेल्या मी बघितल्या.

मी डोंबिवलीत पोळी-भाजी केंद्रात लागले. दिवसभर तव्यापुढे उभी राहते. घाम गळतो, आणि नसलेलं बोट गार पडतं.

बोट गेल्यावर पाच महिन्यांनी हे गेले. सासूबाई म्हणाल्या, "जोडवं कापलं तेव्हाच मला कळलं होतं." उजव्या पायातलं जोडवं त्यांनीच काढलं, सगळ्या बायकांसमोर. ते लगेच निघालं, साबणही लागला नाही.

आठव्या पानावर नर पेंग्विन आहे. दोन महिने उपाशी राहून तो पायांवर अंडं धरून उभा राहतो, वरून पोटाची घडी पांघरतो. अंडं बर्फावर घरंगळलं तर पिल्लू आतच गोठतं. मुलीने खाली लिहिलंय, "बाबा पेंग्विन खूप प्रेमळ असतो." तिने हे लिहिलं तेव्हा हे खाटेवर होते. त्यांनी दोनदा सांगितलं होतं आणि मी पाय काढून घेतला, हे तिला माहीत नाही. मीही सांगितलेलं नाही. इथे लिहिलं.

मावशींचे पैसे मी दर महिन्याला थोडे थोडे देत होते. शेवटचे काही राहिले होते. एका दुपारी सासूबाईंनी माझ्यापुढे कागदाची पुडी ठेवली. आत उजव्या पायातलं जोडवं होतं.

"तुकडे पण घे," त्या म्हणाल्या. "मोडून टाक. त्या बाईचे देऊन ये." आणि भिंतीकडे तोंड करून आडव्या झाल्या.

सोनाराने तिन्ही तुकडे एकत्र तोलले. दोन वाजता मी कोल्ड स्टोरेजच्या गेटवर गेले. बायका डुलत बाहेर आल्या, माझ्या जागी नवी कोणीतरी होती. मावशींनी माझा हात धरला.

"हात गरम झालं तुझं."

"पोळ्यांमुळे," मी म्हटलं.

त्यांनी नोटा मोजल्या, पुन्हा मोजल्या, आणि कमरेच्या पिशवीत घातल्या. "फिटलं गो सगळं," त्या म्हणाल्या. "आता एक रुपया पण नाय तुझ्याकडे."