आत्माराम आबांचा टायमर आणि गच्चीवरचे पापड

"मॅडम, मी लबाड शे का? एवढंच सांगा."

ना हॅलो, ना नाव. मी म्हटलं, "काका, कोण बोलताय?"

"आत्माराम. धुळ्याहून. तुमच्या अॅपमध्ये माझ्या नावापुढे लाल खूण आलीय. गल्लीतली पोरंसुद्धा बघताहेत."

मी जळगावात घरी बसून पुण्यातल्या एका कंपनीसाठी टेस्टरचं काम करते. दुसऱ्यांनी बनवलेल्या अॅपमधल्या चुका शोधायच्या, तक्रारींचे फोन ऐकायचे आणि त्याचा पगार घ्यायचा. आई म्हणते, हे तर तू लहानपणापासून फुकटात करत होतीस.

तेव्हा आमचं अॅप होतं क्यूब सोडवणाऱ्यांसाठी. क्यूब म्हणजे तो सहा रंगांचा फिरवायचा ठोकळा. अॅपमध्ये दोन गोष्टी. एक, अल्गोरिदम, म्हणजे कोणती बाजू कोणत्या क्रमाने फिरवायची त्याची कृती. पुरणपोळीसारखीच, क्रम चुकला की बोंबललं. आणि दुसरा टायमर. दोन्ही अंगठे स्क्रीनवर ठेवायचे, उचलले की वेळ सुरू. क्यूब सुटला की स्क्रीनवर हात मारायचा, वेळ बंद. वेळ थेट लीडरबोर्डवर, म्हणजे नंबरांच्या यादीत जाते.

साठीच्या पुढच्यांची वेगळी यादी होती. तिच्यात हे आत्माराम आबा पहिले होते. बावीस सेकंद.

मी लॉग उघडला. लॉग म्हणजे अॅप स्वतःशीच लिहून ठेवतं ती नोंद. सकाळी आबांना अठ्ठावीस-एकोणतीस सेकंद लागत आणि दुपारी बावीस-तेवीस. एवढा फरक दिसला की सिस्टीम आपोआप लाल खूण लावते: 'संशयास्पद'. वर कुणीतरी तक्रारही टाकली होती, म्हातारा टायमरमध्ये गडबड करतो म्हणून.

निनाद सर माझे बॉस. म्हणाले, "सुजाता, सरळ केस आहे. अकाउंट बंद कर, तक्रार क्लोज कर."

"सर, माणूस रडकुंडीला आलाय."

"पकडला गेला की सगळेच रडतात."

मला तिडीक आली. मी आबांना पुन्हा फोन लावला आणि सरळ विचारलं, तुम्ही करता काय नक्की?

आबांनी धुळ्यात चाळीस वर्षं टायपिंगची इन्स्टिट्यूट चालवली. मशीनं भंगारात गेली, बोटं बेरोजगार झाली. मग नातीचा क्यूब हातात घेतला तो सुटलाच नाही. त्यांच्या हाताखालून शिकलेले अर्ध्या सरकारी कचेऱ्यांत बसलेत. त्यातल्या काहींनी, आपले सर वयाच्या सहासष्टाव्या वर्षी पहिले आले म्हणून, येत्या रविवारी सत्कार ठेवला होता. हॉल बुक, हार सांगितलेला. आणि आता ही लाल खूण.

"बेटा, परीक्षेत घंटा झाल्यावर कुणाला एक अक्षर जास्त मारू दिलं नाही मी. सख्ख्या भाच्यालाही नाही. वेळेच्या बाबतीत माले कोणी चोर म्हणावं?"

 ते मला सहन झालं नाही.

मी इतरांचे आकडे काढले. पुणे, नाशिक, सगळीकडे लोक सकाळी जसे, तसेच दुपारी. पण जळगाव, धुळे, भुसावळ, अमळनेर बघते तर काय, मे महिना लागला की दुपारी सगळ्यांचा वेग थोडाफार वाढलेला, आबांचा सगळ्यांत जास्त! मी मोठ्याने हसले. मे महिन्यात दुपारी आमच्याकडे कुत्रं सावलीतून उठत नाही आणि अख्खा खानदेश हुशार कसा होतो?

माणूस उन्हात वेगवान होत नाही. म्हणजे काहीतरी मंद होत होतं.

आमच्या गच्चीवर आईने जुन्या साडीवर नागलीचे पापड घातले होते. मी टेस्टिंगचा स्वस्तातला फोन त्यांच्या शेजारी ठेवला. आई वर आली.

"काय करून राहिली तू? पापडांजवळ मोबाईल वाळवतीस?"

"काम आहे आई ऑफिसचं."

"हे काम? आणि त्याचा पगार देतात? देवा रे!"

अर्ध्या तासाने फोन एवढा तापला की हातात धरवेना. तो जिन्यात आणला. शेजारी दुसरा, गार फोन ठेवला. दोन्ही टायमर एकदम सुरू केले. गार फोनवर एक मिनिट झालं, तेव्हा तापलेला पन्नास सेकंदांवर रेंगाळत होता. पुन्हा केलं, पुन्हा तेच. मी जिन्यातच नाचले. आई म्हणाली, ऊन लागलं पोरीला.

झालं होतं असं. फोनचा पडदा सेकंदाला साठ वेळा नव्याने रंगतो. त्या एकेका रंगण्याला फ्रेम म्हणतात. आमचा टायमर लिहिणाऱ्या पठ्ठ्याने घड्याळ न बघता फ्रेमच मोजल्या होत्या. साठ फ्रेम झाल्या की एक सेकंद. पण फोन तापला की जीव वाचवायला हळू काम करतो, फ्रेम कमी रंगतात आणि सेकंदही कमी मोजले जातात. शंभर पावलं झाली की एक मिनिट झालं असं धरणारा माणूस उन्हात रेंगाळला, तर त्याचं मिनिट लांबणारच.

सरांना कळवलं. त्यांनी तिकडे करून पाहिलं.

"आमच्याकडे रिप्रोड्यूस होत नाहीये," सर म्हणाले. म्हणजे तीच चूक पुन्हा घडवून दाखवता येत नाहीये.

"एसीत कशी होईल सर? फोन गच्चीवर ठेवा. पापड नसले तरी चालेल."

तासाभराने सरांचा फोन आला. आवाज मऊ होता. "आहे बग, चूक आपलीच. टायमर घड्याळावर घेतो, आज रात्रीच अपडेट सोडू. त्या आबांची लाल खूण काढ आणि त्यांना पहिला नंबर परत दे. विषय संपला."

"सर, पण त्यांचे बावीस खरे नाहीत."

"त्यांना कुठे माहितीये? सत्कार आहे ना त्यांचा? होऊ दे की."

हो म्हटलं असतं तर सगळेच खूश होते. पण ज्या माणसाने घंटेनंतर भाच्याला एक अक्षर मारू दिलं नाही, त्याच्या गळ्यात खोट्या आकड्याचा हार? मी म्हटलं, आधी त्यांना सांगते. दुसऱ्या दिवशी सकाळची एसटी धरली. एरंडोल, पारोळा करत धुळ्याला पोचेपर्यंत मनात दहा वेळा वाक्यं जुळवली. एकही धड नव्हतं.

आबांची खोली पहिल्या मजल्यावर, वर पत्रा. टायपिंगची टेबलं अजून तिथेच. "दोन ते चार माझी बॅच," आबा म्हणाले. बॅचला आता एकच विद्यार्थी, तोही तेच. पत्र्याखाली फोन तव्यासारखा तापलेला. त्यावर नवं अपडेट मी मुद्दाम टाकलं नव्हतं.

कपाटात परीक्षेचं जुनं चावीचं स्टॉपवॉच होतं. ते मी हातात घेतलं आणि म्हटलं, "सोडवा आबा."

बोटं अशी फिरली की मला फक्त रंग दिसले. अॅप म्हणालं, तेवीस. स्टॉपवॉच म्हणालं, अठ्ठावीस.

मी सगळं सांगितलं. आबांनी स्टॉपवॉच कानाला लावून पाहिलं. मग टेबलावर ठेवलं.

"म्हणजे मी लबाड नाही."

"नाही आबा. अॅप लबाड होतं."

"आणि मी पहिलाही नाही."

"नाही. चौथे, पाचवे असाल."

त्यांनी सुटलेला क्यूब उचलला आणि पुन्हा सगळे रंग विस्कटून ठेवला. मला स्वतःचाच राग आला. सर म्हणत होते ते काय वाईट होतं, असंही क्षणभर वाटलं.

"लाल खूण काढ बेटा," आबा शेवटी म्हणाले. "नंबर बी काढ. आणि रविवारी ये. जेवायलाच ये."

रविवारी हॉल भरला होता. सगळे सर, सर करत पाया पडत होते. हार घालायला माणूस पुढे आला, तसा आबांनी हात वर केला. परीक्षेत करत असतील तसाच.

"हार थांबवा. तुम्ही मला पहिला म्हणून बोलावलं. मी पहिला नाही. उन्हानं मोबाईल मंद झाला आणि त्यानं मला बावीस सेकंद दिले. ही जळगावची पोरगी. हिनं शोधून काढलं, आणि माझ्या तोंडावर येऊन सांगितलं."

सगळ्यांच्या माना माझ्याकडे वळल्या. कुठे लपू असं झालं. पण खोटं कशाला बोलू, आतून छाती अशी फुगली होती की बस्स.

आबांनी खिशातून स्टॉपवॉच काढलं आणि पुढच्या रांगेतल्या एका बाईंना दिलं. त्यांची जुनी विद्यार्थिनी, तहसील कचेरीतून रिटायर व्हायला आलेली. "विद्या, तू धर. मी म्हटलं की दाब."

माईकसमोर क्यूबची कटकट ऐकू येत होती, टाइपरायटरच चालू झाल्यासारखी. क्यूब टेबलावर आपटला. विद्याताई म्हणाल्या, "सव्वीस, सर!"

"पॉइंट खाऊ नको. पुढचंही वाच."

"सव्वीस पॉइंट आठ!"

बावीस खोटे समजल्यावर एखादा खचला असता. आबांनी दोन्ही हात वर केले. म्हणाले, "तो आकडा मोबाईलना व्हता. हाऊ मन्हा शे, माझा स्वतःचा. आता घाला हार!"

टाळ्या थांबेचनात. मी रडले. नाकारत नाही.

सरांनी पुढे सगळ्या युझर्सना खरं कारण कळवलं, तापल्या फोनवरचे रेकॉर्ड यादीतून काढले. बरीच मंडळी चिडली. आबा यादीत चौथे आहेत, आणि नावापुढे काहीही खूण नाही. आमच्या टेस्टिंगच्या यादीत एक ओळ मात्र वाढली: 'पापड टेस्ट'. पुण्यातली मुलं दर अपडेटच्या आधी फोन गच्चीवर तापवतात. का, ते नव्यांना माहीत नसतं.

वेळ मोजायची असेल तर घड्याळ बघावं. आणि कुणाला लबाड म्हणण्याआधी त्याच्या पत्र्याखाली एक दुपार बसून यावं.