‘आणि इतर’मधली आई

सहार विमानतळावर आई माझी बॅग तिसऱ्यांदा उपसत होती. भाजणी, गोडा मसाला, कोकमं राहू दिली आणि पांढऱ्या केसांचा टोप तेवढा बाहेर काढला. "नाटकातल्या आया पुष्कळ केल्यास. आता स्वतःच्या संसारात लक्ष घाल," म्हणाली. तिची पाठ वळल्यावर मी तो परत कोंबला. १९९३ची गोष्ट. नवऱ्याची नोकरी दुबईला, भाड्याचं घर शारजात, आणि मी सत्तावीस वर्षांची, मुंबईच्या रंगभूमीवरची म्हातारी.

हसू नका! बाविसाव्या वर्षापासून मी आई, आत्या, मोलकरीण, शेजारीण हेच केलं. शेवटच्या नाटकातला माझा मुलगा, म्हणजे आमचा नायक, माझ्यापेक्षा अठरा वर्षांनी मोठा. नमस्काराला वाकला की त्याचे गुडघे वाजलेले मला ऐकू यायचे. तिसऱ्या घंटेनंतर अंधारात कलाकारांच्या नावांची टेप लागायची. त्याचं नाव, नायिकेचं नाव, आणि मग ‘आणि इतर’. त्या इतरांत मी. विंगेत उभी राहून दीडशे प्रयोग ते ऐकलं. दर वेळी डोक्यात तिडीक जायची, पण तोंड उघडलं नाही. काम जाईल अशी भीती होती.

शारजाच्या कस्टमवाल्याने तो टोप चिमटीत धरून विचारलं, "ये क्या है?" "मेरा बाल," मी म्हटलं. तो माझ्या काळ्याभोर वेणीकडे बघत राहिला, मग हसत "यल्ला, यल्ला," म्हणजे चल नीघ, म्हणाला.

पहिलं वर्ष भिंतींकडे बघण्यात गेलं. नवरा ट्रॅफिकमधून यायचा तो जेवून झोपायचा. मग मराठी मंडळ सापडलं. सोफा भिंतीला सरकवून आमच्याच हॉलमध्ये तालमी, मीना बझारमधून साड्या. मुंबईची नाटकं इकडे आली की मोठे कलाकार तेवढे यायचे. बारक्या भूमिकांसाठी व्हिसाचा खर्च कोण करणार? त्या आम्हीच करायच्या, एका तालमीवर. इथेही नावाच्या जागी ‘स्थानिक कलाकार’.

आणि २००१ मध्ये माझंच ते जुनं नाटक आलं. नायक तोच. माझ्या जागी आता आई करणाऱ्या बाईंचा व्हिसा काही झाला नाही. प्रयोगाच्या दुपारी मॅनेजरचा फोन, "शैलाताई, आता तुम्हीच वाचवा." मला शब्द न् शब्द पाठ होता. बर दुबईच्या हॉलवर पोचले, साडी नेसले, टोप चढवला आणि सहज विचारलं, "टेपवर माझं नाव आहे ना?"

"अहो, टेप मुंबईहून आलीय. ‘आणि इतर’मध्ये तुम्ही आलातच की."

तळपायाची आग मस्तकात गेली. "मग आईही इतरांकडूनच करून घ्या," म्हटलं आणि मेकअपच्या खुर्चीत मांडी ठोकून बसले.

पहिली घंटा झाली. नवरा म्हणाला, "अगं, लोक काय म्हणतील?" सात वर्षांची लेक म्हणाली, "आई प्लीज, एव्हरीवन इज वेटिंग!" दुसरी घंटा झाली. खुद्द नायक आला. "शैला, हट्ट नको करूस."

"मुलाने आईला शहाणपण शिकवू नये."

घाबरले होते, खोटं कशाला सांगू? नाव नाही घेतलं तर पुन्हा स्टेजवर पाय ठेवायचा नाही, एवढं मनाशी पक्कं होतं. बाहेर टाळ्यांचा गलका सुरू झाला, तेव्हा कुठे मॅनेजरने हात टेकले. टेप संपताच स्वतः माईक घेतला. "आणि आईच्या भूमिकेत, शारजाच्या शैला मणेरीकर!" मागच्या रांगांतून शिट्ट्या पडल्या. लेबर कॅम्पातून बस करून आलेली आमची कोकणी मंडळी होती ती. मला विंगेत रडू फुटलं. काजळ पसरलं, तशीच एन्ट्री घेतली.

प्रयोगानंतर नायक म्हणाला, "मुंबईत असतीस तर कुठल्या कुठे गेली असतीस."

"मुंबईत असते तर आज व्हिसा नाही म्हणून घरी बसले असते."

तो हसला. मी विनोद केला नव्हता.

दुसऱ्या दिवशी आईला फोन केला. "एवढ्यासाठी लोकांना ताटकळत ठेवलंस?" ती म्हणाली. मग हळूच, "पूर्ण नाव घेतलं ना पण?"

तिकडे राहिलेले विचारतात, परत कधी येणार? इकडे आलेले एकमेकांना ‘दोनच वर्षं, मग खलास’ सांगत दहा वर्षं काढतात. मी सांगून टाकते, नाही येणार. मुंबईत मी दीडशे वेळा निमूट उभी राहिले, इथे एकदा रुसून बसले. परक्याच्या घरी कोणी रुसतं का?

आता मंडळाच्या प्रत्येक नाटकाला नावं मी वाचते. सुरुवात करते ती पत्र देऊन जाणाऱ्या पोस्टमनपासून.