मठाच्या आचाऱ्याची लेक

तुर्कस्तानात, वान सरोवराच्या दक्षिणेला, डोंगरातल्या त्या कुर्द गावात तिला सगळे गुलिस्तान म्हणत. ती मूळची नवार्द, आर्मेनियन ख्रिस्ती, सूर्प दानिएल म्हणजे संत दानिएल मठाच्या आचाऱ्याची, मेल्कोनची लेक, हे म्हाताऱ्यांना ठाऊक होतं. पण कुणी तोंडातून काढत नसे.

मठ नऊशे वर्षांचा. भूकंपात दोनदा पडला, दोनदा उभा राहिला. साधू पोथ्या उतरवत, द्राक्षाचे वेल राखत. सणाला मेल्कोन पहाटेपासून मोठ्या हंड्यात गहू आणि मटण घोटत बसे. १९१५ च्या उन्हाळ्यात आर्मेनियनांना संपवायला तुर्की सैनिक आले. साधूंना अंगणातच मारलं, पोथ्या जाळल्या. मेल्कोन हंड्याशेजारी पडला. आठ वर्षांच्या नवार्दला एका कुर्द मेंढपाळाने लोकरीच्या ढिगात दडवलं, गुलिस्तान हे मुसलमानी नाव देऊन पोटच्या पोरीसारखं वाढवलं आणि पुढे आपल्याच मुलाशी, रेशोशी, तिचं लग्न लावून दिलं. तिला कुणी विचारलं नाही. विचारायला तिचं कुणी उरलंही नव्हतं.

रेशो भला माणूस होता. वर्षातून एक दिवस ती सरपणाला म्हणून जाई, ओस पडलेल्या मठातल्या देवळाची फरशी झाडून रिकाम्या हाताने परत येई. त्याने कधी सरपण कुठे म्हणून विचारलं नाही. बापाने शिकवलेली प्रार्थना मात्र हळूहळू विरत गेली. पन्नाशीला आली तेव्हा पहिल्या दोन ओळीच उरल्या होत्या.

रेशो गेला त्यानंतर गावाने मठाचे दगड काढायला सुरुवात केली. कुणाला गोठा बांधायचा होता, कुणाला भिंत. एके सकाळी तिचा मुलगा शेमदीनही खेचर घेऊन निघाला. ती दारात आडवी उभी राहिली.

“शेमदीन, ते माझ्या बापाचं घर आहे.”

“ठाऊक आहे, आई. शाळेत त्यावरूनच मार खायचो मी,” तो खालच्या आवाजात म्हणाला. “सगळे नेताहेत. मी एकट्यानेच नाही नेले तर का नाही म्हणून विचारतील. तीन पोरी उजवायच्यात मला. बाजूला हो.”

ती बाजूला झाली.

चार वर्षांत मठाचा मागमूस राहिला नाही. शेवटच्या खेपेला शेमदीनने क्रूस कोरलेली एक शिळा आणली आणि उंबऱ्याला बसवली. कोरीव बाजू वर, बर्फात पाय घसरू नये म्हणून. त्याच्या मनात वाईट काही नव्हतं.

त्या दिवसापासून नवार्दने उंबरा ओलांडला नाही. गुडघे दुखतात, असं ती सुनेला सांगे. नाती अंगणात खेळत, ती आतून बघे. सात वर्षं अशी गेली. शेमदीनला कळत होतं. शिळा काढावी असं त्याच्या मनात एकदा-दोनदा आलंही, पण शेजारी काय म्हणतील या धाकाने ते राहून गेलं.

ती गेली तेव्हा भर हिवाळा होता. चौघांनी तिला खांद्यावर घेतलं आणि पाय रोवत, जपून, त्या शिळेवरूनच बाहेर काढलं. मुल्लाने गुलिस्तान या नावाने दुआ मागितली. शेमदीनने मान खाली घालून आमीन म्हटलं.