घर नको, बिलं दाखवा

मेश्राम मॅडम गेल्याची बातमी मला माझ्या कुम्हारीच्या शेडमध्ये मिळाली. सकाळची पाळी नुकतीच लागली होती, कटिंगच्या टेबलावर चामडं पसरलेलं होतं, आणि मॅडमचे धाकटे भाऊ प्रकाशभाऊ यांचा फोन आला. झोपेतच गेल्या, एवढंच ते बोलू शकले. मी सगळ्या मशीनी बंद करायला सांगितल्या आणि तशीच उभी राहिले… मग लक्षात आलं, आपल्यापायी कुणाची चालू ऑर्डर अडली हे मॅडमना मुळीच आवडलं नसतं. मशीनी पुन्हा सुरू करायला सांगून मी हुडको वसाहतीतल्या त्यांच्या घरी निघाले.

आता त्याला काही आठवडे झाले. पुण्यानुमोदनाच्या कार्यक्रमाला त्यांच्या घरासमोरचा मांडव पुरला नाही, लोक रस्त्यावर उभे होते. वंदना झाली, घरची माणसं बोलली, आणि मग मॅडमच्या बँकेचे जुने कर्जदार एकेक करून उठले. लेथ मशीनवाले बोरकर, खानावळ चालवणाऱ्या साहूबाई, टायरच्या धंद्यातले एक सरदारजी. प्रत्येकानं सुरुवात एकाच वाक्यानं केली, की मॅडमनी पहिल्यांदा मला परत पाठवलं होतं. तिसऱ्या माणसानं तेच म्हटलं तेव्हा मांडवात हसू फुटलं, आणि डोळे पुसता पुसता प्रकाशभाऊही हसले. मीही माईक हातात घेतला, पण दोन वाक्यांतच खाली बसले. जे तिथं बोलता आलं नाही, ते इथं लिहिते आहे.

रत्ना मेश्राम भिलाईतल्या एका बँकेत कर्ज विभागाच्या अधिकारी होत्या. वडील भंडाऱ्याकडून इथल्या पोलादाच्या प्लांटमध्ये नोकरीला आलेले, रोलिंग मिलमध्ये होते. मॅडम सांगायच्या, की बँकेचं काम मी बँकेत नाही, लहानपणी क्वार्टरजवळच्या किराणा दुकानात शिकले. दुकानदार त्यांच्या वडलांना महिनाभर उधार देई, आणि त्याच मिलमध्ये तेच काम करणाऱ्या ठेकेदाराच्या मजुराला रोख मागे. मजूर काही लबाड नव्हता. पण त्याच्या हातात पैसे कधी येतील हे त्याचं त्यालाही माहीत नसायचं. "पत माणसाची नसते सुनंदा, त्याच्या पगाराच्या तारखेची असते, हे मले तिथं समजलं," असं त्या म्हणत. आणि मग, ज्याला तारीख नाही त्याला ती मिळवून देणं हे आपलं काम, असं पुढं जोडत.

माझं आणि त्यांचं पहिलं भेटणं मात्र फार कडू झालं. वेल्डिंग करणारे कामगार कोपरापर्यंतचे जाड चामडी हातमोजे घालतात, ते शिवायच्या कारखान्यात मी बरीच वर्षं कामाला होते. तो बंद पडला तेव्हा मालकानं थकलेल्या पगाराच्या बदल्यात आम्हा बायकांना जुन्या शिलाई मशीनी दिल्या. कुरुदच्या आमच्या घराच्या अंगणात मी चारपाच जणींना घेऊन काम सुरू केलं. ओळखीनं रायपूरच्या एका कंपनीची ऑर्डर मिळाली. ही कंपनी मोठमोठ्या भट्ट्यांच्या दुरुस्तीचे ठेके घ्यायची. मी हरखून गेले. नव्या मशीनी, मोठी शेड, सगळं डोळ्यांपुढं दिसू लागलं. सासूबाईंनी घर गहाण ठेवायला होकार दिला, आणि घराचे कागद पिशवीत घालून मी बँकेत गेले.

मी हिंदीत बोलत होते. अर्जावर भोयर हे आडनाव वाचून त्यांनी विचारलं, कुठल्या तुम्ही, आणि गोंदियाकडची म्हटल्यावर सरळ आपल्या बोलीवर आल्या. मला वाटलं, झालं काम. पण त्यांनी घराचे कागद उघडलेच नाहीत. चामडं किती दिवस आधी रोखीनं घ्यावं लागतं, मोजे शिवायला किती वेळ जातो, कंपनी बिल कधी चुकवते, एवढंच विचारत राहिल्या. शेवटी म्हणाल्या, की मशीनीचं कर्ज मिळणार नाही. आहेत त्याच मशीनी अर्धा महिना रिकाम्या बसतात, कारण चामड्याला पैसे नसतात. तुमची अडचण यंत्राची नाही, वाट पाहण्याची आहे. मी चिडले. घर देते म्हणते आहे ना, मग बँकेचं काय जातं, असं काहीतरी बोलले. त्यावर त्या जे बोलल्या ते शब्दाला शब्द लक्षात आहे.

"घर घेऊन बँकेले काय करायचं हाय? तुमचं घर विकून वसुली करायची वेळ आली, म्हणजे मी कर्ज देतानाच चुकली. घर नको, बिलं दाखवा."

मी रडतच घरी आले. नवऱ्याला म्हणाले, आपल्याच लोकांनी आपल्याला उभं केलं नाही. पण आठवड्याभरात मॅडम स्वतः कुरुदला आल्या, न सांगता. अंगणात पाटावर बसल्या, मोजा हातात चढवून मूठ आवळून पाहिली, टाकाऊ चामड्याचा ढीग उपसून पाहिला. कंपनीच्या स्टोअरमध्ये त्यांनी आधीच चौकशी केली होती आणि आमचा माल कधी परत येत नाही हे त्यांना कळलं होतं. त्यांनी ठरवलं, की कंपनीनं माल मिळाल्याची सही दिलेली बिलं तारण धरायची आणि त्यांवर खेळतं भांडवल द्यायचं. बिलाचे पैसे आले की कर्ज उतरणार, नवा माल गेला की पुन्हा उचलता येणार. छोट्या मुदतीच्या कामाला छोट्या मुदतीचा पैसा. आज हे ऐकायला सोपं वाटतं. त्यांच्या शाखेच्या मॅनेजरला ते पटवायला मात्र महिने गेले. ते घर मागत होते, आणि मॅडम घर घ्यायला तयार नव्हत्या. अखेर मॅडमनी फाइलवर आपल्या नावानं शिफारस लिहिली आणि मॅनेजरला आमच्या अंगणात आणून बसवलं, तेव्हा कुठं त्यांनी सही केली.

पुढचं वर्ष माझ्या आयुष्यातलं सगळ्यात धावपळीचं आणि सुखाचं. बायका वाढल्या, अंगण पुरेना, कुम्हारीला भाड्यानं शेड घेतली. आणि मग रायपूरच्या त्या कंपनीनं बिलं द्यायचं थांबवलं. आज देतो, उद्या देतो… बँकेतली उचलीची मर्यादा संपली, चामड्याच्या व्यापाऱ्यानं माल थांबवला. हातातल्या पाटल्या विकून मी बायकांची मजुरी दिली. आता खातं थकीत पडणार हे दिसत होतं. मॅनेजरनं मार्ग काढला, की भोयरबाईंना दुसरं कर्ज देऊ, त्यातून पहिलं भरून घेऊ. मला ते देव धावून आल्यासारखं वाटलं. मॅडमनी साफ नकार दिला. त्यांची बढती तोंडावर होती, घर तारण न घेता दिलेलं कर्ज बुडालं तर ठपका त्यांच्यावरच येणार होता, तरीही.

मी त्यांच्या टेबलासमोर उभी राहून विचारलं, "मॅडम, तुमी मले कावून बुडवून राहिल्या?"

त्या शांतपणे म्हणाल्या, "दुसऱ्या कर्जानं खातं बरं दिसन, तू बरी नाई होणार. पैसे ज्याच्याकडं अडकले त्याच्याकडं जाऊ." तुम्ही म्हणणाऱ्या मॅडम त्या दिवशी मला पहिल्यांदा तू म्हणाल्या.

बँकेची रीतसर परवानगी घेऊन त्या माझ्यासोबत रायपूरला निघाल्या. बसमध्ये मी सारखी पदर तोंडाला लावत होते. त्यांनी मला एकच गोष्ट बजावली, की तिथं रडायचं नाही, आपण मागायला नाही, वसुलीला चाललो आहोत. कंपनीच्या हिशेब खात्याच्या मुख्य माणसानं आम्हाला बराच वेळ बाहेर बसवलं. आत बोलावल्यावर म्हणाला, की जास्त घाई असेल तर पुढची ऑर्डर दुसऱ्याला देऊ. मॅडमनी त्याला विचारलं, मालात काही खोट आहे का. तो म्हणाला, नाही. मग हिंदीत, आवाज जराही न चढवता, त्यांनी सांगितलं, की ही बिलं बँकेकडं तारण आहेत. सुनंदा भोयरला आम्ही कर्ज दिलं ते तुमच्या कंपनीच्या नावावर विश्वास ठेवून. सही करून तुम्ही पैसे देत नसाल, तर आम्हाला तुमचीच पत पुन्हा तपासावी लागेल, आणि भिलाई-कुम्हारीच्या कुठल्याही लहान कारखान्याचं तुमच्यावरचं बिल आमची बँक यापुढं तारण धरणार नाही. मग रोखीशिवाय तुम्हाला माल कोण देईल, ते तुम्ही पाहा. आणि लहान उद्योगांच्या थकलेल्या बिलांवर व्याज मागता येतं, तो कायदा आहेच.

त्या माणसानं पाणी मागवलं… आमच्यासाठीसुद्धा. तोवर मला वाटत होतं की पत ही फक्त गरिबाची तपासतात. त्या खोलीत पहिल्यांदा कळलं, की मोठ्या माणसाचा मोठेपणाही आमच्यासारख्यांच्या उधारीवरच उभा असतो.

पैसे आले, एका हप्त्यात नव्हे, पण सगळे आले, आणि व्याजासकट आले. खातं सुटलं. कंपनीनं ऑर्डरही थांबवली नाही, उलट वाढवली, कारण मोजे चांगले होते आणि आता बिलंही वेळेवर निघू लागली. ज्या मॅनेजरनं फाइल अडवली होती, त्यांनीच पुढं आमचं उदाहरण वरच्या ऑफिसला सांगितलं. बोरकरांच्या लेथला, साहूबाईंच्या खानावळीला त्याच पद्धतीनं पैसा मिळाला. साहूबाई तर प्लांटच्या ठेकेदारांना डबे पुरवत होत्या, त्यांच्याकडं गहाण ठेवायला भांड्यांशिवाय काही नव्हतं. मॅडमना बढती मिळाली. पेढे घेऊन गेले तर मलाच म्हणाल्या, ते शेडमध्ये वाट. पुढं कुम्हारीची ती शेड मी विकत घेतली. त्या वेळी मशीनीचं कर्ज मॅडमनीच मंजूर केलं, फार काही न विचारता. सासूबाईंचं घर आजही आमच्या नावावर मोकळं आहे.

निवृत्तीनंतरही त्या शेडवर येत. कुणाला बरं वाटावं म्हणून खोटं कौतुक करायच्या नाहीत. पण शेवटच्या भेटीत, भिंतीला लागून रचलेल्या मोज्यांच्या पेट्यांकडं पाहत बसल्या होत्या. काय पाहून राहिल्या ताई, असं मी विचारलं. तोवर मीही मॅडमवरून ताईवर आले होते. हसून म्हणाल्या, "काई नाई. चांगलं वाटून राहिलं."

त्यांची एक सवय होती. पाहणीला आल्या की ऑफिसातल्या खुर्चीवर बसत नसत. दाराशी, जिथून माल गाडीत चढतो तिथं स्टूल ओढून बसत आणि गाडी निघेपर्यंत उठत नसत. त्यांना विचारलं तर सांगत, धंदा इथून दिसतो.

गेल्या सोमवारी मी यमुनाकडं गेले होते. यमुना आमच्या कटिंगवर किती तरी वर्षं होती. आता तिनं चामडी एप्रन शिवायचं स्वतःचं काम काढलं आहे, आणि महिनाभराच्या उधारीवर माझ्याकडून चामडं मागत होती. मी कळवलं नव्हतं, तशीच गेले. एप्रन कोण घेणार, तो पैसे कधी देणार, त्यानं उशीर केला तर तू किती दिवस तग धरशील, हे सगळं विचारलं. तिनं न चाचरता उत्तरं दिली. मी चामडं दिलं. परवा तिच्या पहिल्या मालाची गाडी भरायची होती, तर ती मला आत पंख्याखाली बसा म्हणत होती. मी दाराशीच बसले. छोटा हत्ती टेम्पो भरला, दोर आवळला, गाडी गल्लीतून हायवेला लागली आणि दिसेनाशी झाली. यमुना घाम पुसत माझ्याकडं पाहत म्हणाली, "दीदी, आता?"

मी म्हटलं, "आता दुसरी ऑर्डर कापाले घे."