उगी बसायचा तास

म्हात्रेबाई गेल्याचं कळलं तेव्हा मी शिक्षकखोलीत डबा उघडून बसलो होतो. शिपाईमामा दारातूनच म्हणाले, "सर, आपल्या बाई गेल्या..." दुखणं महिनाभराचं होतं, तरी बाई परत येणार असंच आम्ही धरून चाललो होतो. डबा तसाच बंद केला.

आज दीड महिन्यानं लिहितोय. कोपरच्या आमच्या शाळेत बाई चित्रकला शिकवायच्या आणि मी गणित. मुलांना माइंडफुलनेस शिकवायचं म्हणून बाईंनी हेडसरांकडून शनिवारचा एक तास मागून घेतला, तोही नेमका माझ्या जादा गणिताचा. माझं डोकं फिरलं नसतं तरच नवल! बाईंनी त्याचं नाव ठेवलं 'उगी बसायचा तास'. त्यांची आई मिठागरावरून आली की कुणाशी न बोलता ओटीवर जरा वेळ उगी बसायची म्हणे. मी त्याचं 'उगाच बसायचा तास' करून शिक्षकखोलीत हशा पिकवला. बाईही हसल्या. "एकदा येऊन बसा तरी सर, मग हसा," म्हणाल्या.

एकदा त्या रजेवर असताना तो तास माझ्याकडे आला. मी सवयीनं गरजलो, "हाताची घडी, तोंडावर बोट!" वर्ग चिडीचूप. सोमवारी बाईंना ऐटीत सांगितलं, तर म्हणाल्या, "तुम्ही त्यांना गप्प केलंत हो. मला गप्प मुलं नकोत. राग आला तर राग आलाय, रडू आलं तर रडू आलंय, एवढं त्यांचं त्यांना कळू दे." मला काही ते पटलं नाही. पुढे घटक चाचणीत सातवीतली आर्या पेन खाली ठेवून, पोटावर हात धरून बसलेली दिसली. "काय गं, झोप लागली का?" तर म्हणाली, "नाही सर. भीती आलीय. ती गेली की लिहिते." दोन वर्षं मी तिला शिकवत होतो आणि ती माझ्या विषयाला एवढी घाबरते हे मला ठाऊकच नव्हतं. फार लाज वाटली.

बाई गेल्यावर हेडसर म्हणाले, "घ्या सर, तुमचा तास तुम्हाला परत." कधीपासून हवा होता तो! शनिवारी खडू घेऊन वर्गात गेलो, वह्या काढायला सांगितल्या. कुणी हललं नाही. आर्या उभी राहिली. "सर, आधी थोडा वेळ बसू या ना... सगळ्यांना रडू आलंय." मी खुर्चीत बसलो. कुणीतरी मुसमुसत होतं. 'रडू नका' अगदी ओठांवर आलं होतं, ते गिळलं... आणि माझेच डोळे वाहायला लागले. मुलांनी पाहिलं, पण कुणी हसलं नाही.

त्याच दिवशी हेडसरांना सांगितलं, जादा गणित मी शाळा सुटल्यावर घेईन, हा तास बाईंचाच राहू द्या. आता दर शनिवारी मी मुलांसोबत बसतो. अजून नीट जमत नाही. डोळे मिटले की डोक्यात उरलेला पोर्शन सुरू होतो. मग पहिल्या बाकावरून हळूच आवाज येतो, "सर, खांदे वर गेलेत तुमचे." मी खांदे खाली सोडतो.